साल्वूचं मनगट

ऑक्टोबर आला की माझं कशातच लक्ष लागत नाही. बाहेर मेपलची झाडं लालभडक झालेली असतात, लोक रस्त्याच्या कडेला गाड्या थांबवून फोटो काढत असतात, आणि मी खिडकीशी उभा राहून कसली ना कसली काळजी हुडकत असतो. माझी बायको सुनंदा म्हणते, "श्री, तुला एखाद्या दिवशी काळजी सापडली नाही ना, तर त्याचंच टेन्शन येईल तुला." तिचं खरं आहे. स्वभावच तसा, त्याला इलाज नाही. पण ऑक्टोबरची काळजी मी हुडकलेली नाही. ती फार वर्षांपूर्वी एका गोलकीपरनं माझ्या गळ्यात घातली आणि तो आपल्या देशी निघून गेला.

यंदा ती जरा जास्तच उफाळून आली आहे, कारण आमची नात अनया शाळेच्या सॉकर टीमची गोलकीपर झाली आहे. मी घडीची खुर्ची आणि थर्मास घेऊन तिच्या सगळ्या मॅचेस बघतो. बघतो म्हणजे काय, अर्धा वेळ डोळे मिटूनच बसतो. गेल्या आठवड्यात तिनं डावीकडे झेप घेतली, बॉल अडवला, आणि पडताना हात अंगाखाली आला. उठली, हात झटकला, हातमोजा सारखा केला. मध्यंतरात मी लगबगीनं तिच्यापाशी गेलो.

"बघू हात."

"आजोबा, आय ॲम फाइन."

"अंगठ्याच्या मुळाशी दाबलं की दुखतंय का?"

"आजोबा, प्लीज. एव्हरीवन इज वॉचिंग."

तिचा बाप, म्हणजे आमचा निखिल, लांबूनच म्हणाला, "बाबा, लेट हर बी." मी खुर्चीत येऊन बसलो. थर्मासचा चहा गार झाला होता, तोच प्यायलो. दुसऱ्या दिवशी माझी भुणभुण थांबावी म्हणून सूनबाईनं तिला नेऊन एक्स-रे काढून आणला. काही नव्हतं. तरी मी तो फोटो उजेडात धरून बराच वेळ बघत होतो. मला त्यातलं काही कळत नाही.

ऐंशीच्या दशकाच्या मध्यावर आम्ही इथेच, अमेरिकेत मिनेसोटातल्या ईडन प्रेरीत, एका दुमजली अपार्टमेंटमध्ये भाड्यानं राहत होतो. आज जिथे देशी किराणा आणि डोशाचं रेस्टॉरंट आहे, तिथे तेव्हा मक्याची शेतं होती. कापणी झाली की खुंट उरायचे आणि सकाळी त्यांच्यावर दव गोठून पांढरं झालेलं असायचं. मी मशीनचे सुटे भाग बनवणाऱ्या एका कंपनीत इंजिनिअर होतो. त्या वर्षी ले-ऑफ चालू होते. शुक्रवारी दुपारी मॅनेजर ज्याच्या टेबलाशी थांबेल तो माणूस सोमवारी दिसायचा नाही. शुक्रवारी जेवणानंतर मी मानच वर करत नसे. मान वर केली नाही तर आपण दिसणार नाही, अशी काहीतरी माझी समजूत असावी.

आई सप्टेंबरात सांगलीहून आली होती, सहा महिन्यांच्या व्हिसावर. तिला मी ऑफिसचं काही सांगितलं नव्हतं. तिनं विचारलं, "काम कसं चाललंय रे?" तर मी म्हणायचो, "जोरात." दसऱ्याला मराठी मंडळाचं पॉटलक, म्हणजे घरून एकेक पदार्थ आणून केलेलं जेवण, होतं एका शाळेच्या हॉलमध्ये. हातात कागदाच्या प्लेटी घेतलेली आम्ही सगळी इंजिनिअर मंडळी एकमेकांना हेच विचारत होतो, "जॉब कसा चाललाय?" आणि सगळे हेच सांगत होते, "फाइन, फाइन." श्रीखंड फार आंबट झालं होतं, त्यावरच सगळ्यांनी मनापासून चर्चा केली.

आमच्या खालच्या मजल्यावर साल्वू आणि रीता राहायला आले, ते त्याच सुमाराला. ते माल्टाचे. आईला मी पृथ्वीच्या गोलावर माल्टा दाखवला. इटलीच्या पायाशी समुद्रात एक ठिपका होता, आणि देशाचं नाव त्या ठिपक्यापेक्षा कितीतरी मोठं होतं. आई म्हणाली, "एवढ्याशा देशात फुटबॉल खेळायला जागा कुठाय?" मी ते साल्वूला सांगितलं. तो हसून म्हणाला, "नो प्लेस. किक बिग, बॉल इन द सी."

त्याची हकिगत त्यानं मोडक्यातोडक्या इंग्रजीत मला तुकड्यातुकड्यांनी सांगितली. दिवसा तो गोदीत वेल्डर होता आणि संध्याकाळी गावच्या क्लबचा गोलकीपर. पुढे तो देशाच्या टीममध्ये गेला. देशाची टीम मोठ्या देशांशी खेळायची आणि हरायची. त्यात काही नवल नव्हतं, हरणार हे सगळ्या बेटाला माहीत असायचं. किती गोलांनी हरणार, ही एकच उत्सुकता. साल्वू म्हणायचा, मोठ्या देशाच्या गोलकीपरला मॅचमध्ये चार-दोनदा बॉल दिसतो, मला दिवसभर तोच दिसतो. अशाच एका मॅचमध्ये त्यानं ढीगभर गोल खाल्ले, पण त्याहून जास्त अडवले, आणि अडवलेले गोल मोजणारा एक माणूस प्रेक्षकांत बसला होता. त्या माणसामुळे तो मिनेसोटात आला.

त्या काळी इथे छपराखालचा सॉकर नव्यानं आला होता. आइस हॉकीच्या बर्फावर हिरवा गालिचा अंथरायचा, चहूबाजूंनी लाकडी भिंती, बॉल भिंतीवर आपटून परत यायचा, आणि गोलकीपरला श्वास घ्यायला फुरसत नसायची. हा खेळ अमेरिकेत आता फोफावणार असं सगळे म्हणत होते. साल्वूला टीमनं बोलावलं होतं, पण ठेवलं नव्हतं. गोलकीपर दोन, जागा एक. ऑक्टोबरभर सराव, आणि महिन्याच्या शेवटी कोच ठरवणार. निवड झाली तर वसंतापर्यंतचा करार. नाही झाली तर परतीचं तिकीट. रीताला दिवस गेलेले होते.

"परत गेलास तर काय होईल?" मी एकदा विचारलं. मी स्वतःलाही हाच प्रश्न रोज विचारत होतो.

तो म्हणाला की विमानतळावर गावचा बँड आला होता. धर्मगुरूंनी हातमोज्यांना आशीर्वाद दिला होता. बेकरीवाल्यानं दुकानात त्याचा फोटो लावला होता. "स्मॉल कंट्री," तो म्हणाला, "यू कॅनॉट लूज क्वायट." मला ते लगेच पटलं. मी अमेरिकेला निघालो तेव्हा आईनं आमच्या अख्ख्या गल्लीत पेढे वाटले होते.

तळघरात सगळ्या भाडेकरूंची मिळून कपडे धुण्याची एक खोली होती. आई तिथे मशीनसमोर खुर्ची टाकून बसायची, कारण यंत्राच्या भरवशावर कपडे सोडून यायचं तिला पटत नसे. एका शनिवारी मी तिच्यासोबत होतो. साल्वू आला, डाव्या काखेत कपड्यांची टोपली, उजवा हात खिशात. डाव्या हातानंच झाकण उघडलं, डाव्या हातानंच एकेक कपडा आत टाकला.

"श्री, ह्या मुलाचा उजवा हात दुखतोय. विचार त्याला."

"आई, असं विचारत नाहीत इथे कुणाला."

"मग कुठे विचारतात?" असं म्हणून ती उठली आणि तिनं सरळ त्याचा हात खिशातून बाहेर काढला. अंगठ्याच्या बाजूनं मनगट सुजलं होतं. साल्वू आधी ओशाळला, मग म्हणाला, "फाइन. नो प्रॉब्लेम." आईनं त्याच्याकडे असं काही बघितलं, की मराठी न कळताही तो गप्प झाला.

सुनंदा हॉस्पिटलात एक्स-रे टेक्निशियन होती. तिनं त्याला आमच्या डायनिंग टेबलाशी बसवलं आणि अंगठ्याच्या मुळाशी जो खळगा असतो तिथे बोट दाबलं. त्याचा चेहरा पांढराफटक पडला. सरावात हात भिंतीवर आपटला होता, त्याच्याबरोबर वर आलेल्या रीतानं सांगितलं. कुणाला कळू दिलं नव्हतं.

"एक्स-रे आजच काढायला हवा," सुनंदा म्हणाली. "इथलं बारीक हाड मोडलं असेल तर वेळेत प्लास्टर घालावं लागतं. नाही तर ते जुळतच नाही. मग जन्मभर बॉल धरता येणार नाही."

मी ते इंग्रजीत सांगितलं. साल्वूनं मान हलवली. "नो एक्स-रे. डॉक्टर टेल कोच. कोच टेल गुड-बाय."

म्हणजे हात दाखवावा तर जागा जाणार आणि न दाखवावा तर हात जाणार. मी तिथे बसल्या बसल्या दोन्हींची काळजी करायला लागलो. रीता पोटावर हात ठेवून आमच्या प्रत्येकाच्या तोंडाकडे बघत होती.

आई म्हणाली, "मुका मार आहे. मी आंबेहळद लावते."

सुनंदा भांडी घासायला उठली. आमच्या घरात भांडण कधी झालं नाही, पण त्या संध्याकाळी भांडी नेहमीपेक्षा जोरात वाजली. साल्वूनं आईचं औषध पत्करलं, त्याचं कारण सरळ होतं. हळद कोचला फोन करणार नव्हती.

मग रोज संध्याकाळी तो वर येऊ लागला. आईनं सांगलीहून येताना छोटी सहाण आणि आंबेहळकुंडं आणली होती. कस्टमवाल्यांनी ती बराच वेळ हुंगून बघितली होती. ती सहाणेवर उगाळायची, तुरटी घालून पळीत गरम करायची, सोसेल इतपत झालं की लेप द्यायची. बोलायची मराठीत. "हलवू नकोस रे. तुझी आई असती तर तिनं हेच केलं असतं." तो त्याच्या माल्टीज भाषेत काहीतरी म्हणायचा. त्यांचं बरं चाललं होतं. सकाळी तो लिंबानं हात चोळून पिवळा रंग जाईल तितका घालवायचा, वर पट्टी गुंडाळायचा, त्यावर हातमोजा, आणि सरावाला जायचा.

ऑफिसातून आलो की मला पार्किंगमधून बॉलचा आवाज यायचा. तो गॅरेजच्या भिंतीवर बॉल मारून झेलत असायचा. धप, आणि मग शांत. आवाज चालू असेपर्यंत माझा जीव थाऱ्यावर असायचा. मध्येच थांबला की मी हातातलं काम टाकून खिडकीशी जायचो. कधी तो हातमोजे सारखे करत असायचा. कधी भिंतीला टेकून मनगट छातीशी धरून उभा असायचा, आणि मी पडदा सोडून द्यायचो, त्याला कळू नये म्हणून. शुक्रवार जवळ आला की माझी स्वतःची धास्ती त्यात मिसळायची, मग कुठली कुणाची ते वेगळं काढता येत नसे.

कोचची एक पद्धत होती. शेवटची सरावाची मॅच झाली की तो दाराशी उभा राहायचा आणि प्रत्येकाशी हात मिळवायचा. "सोमवारी भेटू" म्हणाला तर राहिलात. "गुड लक" म्हणाला तर गेलात. साल्वूला बॉलची भीती नव्हती, या हात मिळवण्याची होती. कोच पंजा जोरात दाबतो म्हणे. चेहऱ्यावर काही दिसलं तर संपलंच. म्हणून आम्ही स्वयंपाकघरात त्याचाही सराव केला. मी कोच व्हायचो, त्याचा हात धरून दाबायचो आणि म्हणायचो, "सी यू मंडे." तो हसरा चेहरा ठेवायचा प्रयत्न करायचा. त्याच्या कपाळावर घाम यायचा. "गुड लक" म्हणून बघ, असं तो कधीच म्हणाला नाही, आणि मीही म्हणालो नाही.

त्या मॅचच्या आदल्या संध्याकाळी आईनं हात सैल सोडला. आंबेहळद होतीच, वर घरातली साधी हळद घातली, दाट लेप केला, पंजाभर थापला आणि फडक्यानं बांधून टाकला. "सकाळी काढ. अगदी मोकळा होईल हात." सकाळी रीता धावत वर आली. पंजा, मनगट, नखं, सगळं पिवळंधमक झालं होतं. लिंबू झालं, तेल झालं, बेसन झालं, सुनंदानं भांड्यांचा साबण आणला. जे निघालं ते फडक्याला लागलं, हाताचा रंग होता तसाच. शेवटी तो तसाच हातमोजा घालून गेला.

त्या दिवशी मी ऑफिसला दांडी मारली, आणि दांडी मारली म्हणून पुन्हा घाबरलो. रीता आमच्याकडेच बसली होती. आई तिला थोडं थोडं खायला घालत होती. दुपारी फोन वाजला. रीतानं ऐकलं, रिसीव्हर खाली ठेवला आणि म्हणाली, "ही इज इन हॉस्पिटल. दे से ही इज सिक. येलो."

सुनंदानं कपाळावर हात मारून घेतला.

"काय म्हणते ती?" आईनं विचारलं. मी रीताला विचारून सांगितलं, की कोचनं हात मिळवताना त्याचा पंजा बघितला आणि त्याला वाटलं कावीळ झाली आहे, सगळ्या टीमला होईल.

"हळदीनं माणूस पिवळा होणार नाही तर काय निळा होणार?" आई म्हणाली. पण तिचा आवाज बारीक झाला होता.

कावीळ नव्हतीच. पण तिथल्या डॉक्टरनं रक्त घेता घेता मनगट वाकवून बघितलं, आणि साल्वूच्या तोंडून आवाज निघाला. एक्स-रे झाला. सुनंदानं बोट दाबलं होतं नेमकं तिथेच हाड मोडलं होतं. संध्याकाळी तो कोपरापर्यंत प्लास्टर घालून परत आला. अंगठाही आत. आम्ही सगळे 'गुड लक' ऐकायची तयारी करून बसलो होतो. तो खुर्चीत बसला आणि त्यानं सांगितलं, की टीमच्या सरावात जखमी झालेल्या खेळाडूला हात बरा होईपर्यंत काढता येत नाही, तसा नियमच आहे. मोसमभर ठेवावं लागणार. म्हणजे जे त्यानं महिनाभर जिवापाड लपवलं होतं, ते पहिल्याच दिवशी सांगितलं असतं तरी तो राहिला असता. हे सांगून तो मोठ्यानं हसला, आणि मग प्लास्टरवर डोकं ठेवून रडला. रीता त्याच्या पाठीवरून हात फिरवत राहिली.

नंतर भांडी विसळताना आईनं सुनंदाला विचारलं, "माझ्यामुळे उशीर झाला का गं?"

सुनंदानं नळ बंद केला. "नाही, आई. तुमच्या हळदीमुळेच तर कळलं."

तेही खरंच होतं. पण झोपायच्या आधी सुनंदा मला म्हणाली की हाडाचे तुकडे आता दूर सरकलेत, वेळेत आला असता तर गोष्ट वेगळी होती. हे आईपुढे ती कधी बोलली नाही. तिच्याशी लग्न केल्याचं समाधान मला बऱ्याचदा वाटलं आहे, पण त्या दिवसाइतकं क्वचित.

तो हिवाळा साल्वूनं बाकावर बसून काढला. आम्ही एक मॅच बघायला गेलो, आईलाही नेलं. दिवे मालवले, एकेका खेळाडूवर झोत पडायला लागला. शेवटी सूट घातलेला, हात गळ्यात बांधलेला साल्वू उभा राहिला आणि कर्ण्यावरून त्याचं आणि देशाचं नाव घेतलं गेलं. आमच्या मागचा माणूस बायकोला म्हणाला, "माल्टा? इज दॅट अ कंट्री?" आई एकटीच बराच वेळ टाळ्या वाजवत होती. जानेवारीत त्यांना मुलगी झाली. प्लास्टर निघाल्यावर मनगटाला व्यायाम म्हणून साल्वू आमच्याकडे कणीक मळायला यायचा. आई त्याला "अजून मळ, अजून मळ" करायची आणि आम्ही त्या पोळ्या मुकाट्यानं खायचो. मार्चमध्ये आई सांगलीला परत गेली. माझ्या टेबलाशी मॅनेजर कधी थांबला नाही. का थांबला नाही ते मला आजतागायत कळलेलं नाही.

साल्वूच्या कारकिर्दीत अमेरिकेचं एक वर्ष आहे, आणि त्या वर्षात एकही मॅच नाही.

एप्रिलच्या शेवटी बर्फ गेलं, खालची हिरवळ दिसायला लागली. मोसम संपला होता, करारही. त्याच्या गावच्या क्लबनं विचारलं होतं, हात बरा आहे का, गोल सांभाळशील का. दुसऱ्या दिवशी फोन करून उत्तर द्यायचं होतं. मी ऑफिसातून येत होतो, तो हिरवळीवर हातमोजे घालून उभा होता. मला म्हणाला, बॉल मार. मी बॅग खाली ठेवली आणि ऑफिसच्या बुटांनीच मारला, हळूच. त्यानं डाव्या हातानं अडवून पोटाशी धरला. दुसरा जरा जोरात मारला, तोही डाव्याच हातानं. मला दिसत होतं, त्यालाही कळत होतं. मी मुद्दाम डावीकडेच मारत राहिलो.

दारात रीता उभी होती, मुलीला घेऊन. केव्हापासून उभी होती कुणास ठाऊक. ती चालत आली आणि मुलगी माझ्या हातात दिली. "होल्ड द हेड," एवढंच म्हणाली. मग बॉल उचलून लांब गेली, गवतावर नीट ठेवला, आणि साल्वूला त्यांच्या भाषेत काहीतरी म्हणाली. अगदी थोडं. त्यानं खांदे हलवले आणि दोन्ही हात पसरले.

रीता धावत आली आणि तिनं बॉल मारला. एवढा जोर तिच्या अंगात असेल असं मला वाटलं नव्हतं. बॉल त्याच्या उजव्या बाजूला छातीच्या उंचीवर गेला. उजवा हात बरोबर तिथे, बरोबर वेळेला पोचला. बॉल पंजावर बसला, पंजा मागे दुमडला, आणि बॉल मागच्या झुडपात गेला. मनगट पोटाशी धरून तो उभा राहिला. रीता बॉल आणायला गेली नाही. ती त्याच्याजवळ गेली, त्याच्या हातातला मोजा एकेका बोटातून सैल करत काढला, मग दुसरा काढला, आणि दोन्ही आपल्या स्वेटरच्या खिशात ठेवले.

इतके महिने ज्याची धास्ती घेतली होती ते माझ्या डोळ्यांदेखत झालं होतं, आणि मला एकदम हलकं वाटलं. इतकं हलकं, की माझाच मला राग आला. साल्वू माझ्याकडे आला. मुलीला घ्यायला त्यानं उजवा हात पुढे केला, मग थांबला आणि डावा केला.